सातव्या वर्षी संस्कार संपत नाहीत हो

तो मेसेज तुमच्याकडंही आला असेल, आमच्या गल्लीच्या ग्रुपवर तर फिरून फिरून येतोय. कोलबर्ग नावाच्या शास्त्रज्ञानं म्हणे सिद्ध केलंय की नीतीच्या सहा पायऱ्या असतात, सातव्या वर्षाच्या आत धाक-मार देऊन संस्कार केले तरच पोरगं वर चढतं, नाहीतर जन्मभर खालीच, आणि साठीनंतर माणूस आपोआप सहावीवर पोचतो. खाली सगळ्यांचे हात जोडलेले.

सहा पायऱ्या, तेवढं बरोबर.

सात वर्षांचं बघू. लॉरेन्स कोलबर्ग या अमेरिकन मानसशास्त्रज्ञानं १९५८ च्या प्रबंधासाठी शिकागो भागातल्या ७२ मुलांना नीतीचे पेच सांगून काय करावं आणि का, असं विचारलं, ती होती १०, १३ आणि १६ वर्षांची, म्हणजे सातच्या आतलं एकपण पोर त्यात नव्हतं की! पुढं त्यातल्या बऱ्याच जणांना दर तीन-चार वर्षांनी गाठून साधारण २० वर्षं तसलेच प्रश्न विचारले, तर कायदा आणि समाजाची घडी बघणारी चौथी पायरी बहुतेकांना विशी-तिशीत गावली. (सगळे मुलगेच, मुली नाहीतच, यावरनं कॅरोल गिलिगन या मानसशास्त्रज्ञ बाईनं १९८२ मध्ये चांगलं धरलंय त्याला.)

माराचं तर उलटंच आहे. धरलं तर मार बसेल, हीच पहिली पायरी, मग मारून पोराला चढवताय कुठं? कोलबर्गचाच विद्यार्थी मोशे ब्लॅट यानं वर्गात पेच टाकून मुलांना वाद घालायला लावलं, त्यानं बरीच मुलं वर सरकली.

खरा घोळ मात्र हा की लोक पायरीला चांगुलपणाचे मार्क समजतात. कोलबर्ग उत्तर मोजत नव्हता, कारण मोजत होता. आपल्या कर्नाटकातलंच घ्या, शक्ती योजनेत जून २०२३ पासून इथल्या बायकांना साध्या सरकारी बसला तिकीट नाही, आता चंदगडहून आलेल्या मावशीचं आधार महाराष्ट्राचं, तर तिला खानापूरला जायला आईचं आधार द्यायचं का? नको, चेकर धरेल, ही पहिली. देऊया, ती काजू आणतेय की, ही दुसरी. मावशीला नाही कसं म्हणायचं, ही तिसरी. सगळ्यांनी असं केलं तर योजनाच बुडेल, ही चौथी. बायकांना मोकळं हिंडता यावं म्हणून योजना, मग नियमच बदला, हे पाचवीकडं जातंय. बघा, पहिली आणि चौथी दोघी नकोच म्हणतात, पण विचारात केवढं अंतर! आणि चौथीचं बोलणारा उद्या स्वतः फुकट जाणार नाही याची गॅरंटी कुणी दिलेली नाही.

साठी? सहावी म्हणजे कायद्याच्याही वर, सगळ्यांना सारखं लागू पडणाऱ्या तत्त्वावर चालणं, तसं उत्तर देणारं कुणी सापडेचना म्हणून पुढं मोजणीतनं ती पायरीच काढून टाकली. वयाबरोबर केस पिकतात, बाकी काही आपोआप होत नाही.

आणि कोलबर्गची ही मोजपट्टी जगभर तशीच चालते का, तर आपल्याच राज्यातलं मैसूर बघा. जोन मिलर आणि डेव्हिड बर्सॉफ यांचा १९९२ चा अभ्यास आहे, जिवलग मित्राच्या लग्नाच्या अंगठ्या पोचवायच्यात, पैसे गेलेत, दुसऱ्याचं रेल्वे तिकीट उचलायचं का? अमेरिकेतले बहुतेक नको म्हणाले, मैसूरचे बहुतेक उचल म्हणाले, आणि ते मैत्रीखातर सूट म्हणून नव्हे, मित्राला शब्द दिला तर पाळणं हेच त्यांच्या लेखी कर्तव्य, म्हणजे पट्टी सगळीकडं तशीच चालत नाही.