गॉडफ्रे यांची कारकीर्द १९४२ मध्ये संपली नव्हती

आज सकाळी एका मित्राने व्हाइस अ‍ॅडमिरल जॉन गॉडफ्रे यांच्यावरचा एक लांबलचक लेख मोठ्या कौतुकाने शेअर केला. रिपल्स या युद्धनौकेचे कप्तान, १९३९ पासून ब्रिटिश नौदलाच्या गुप्तवार्ता विभागाचे प्रमुख, बाँडकथा लिहिणाऱ्या इयान फ्लेमिंग यांचे वरिष्ठ आणि म्हणून जेम्स बाँडचा साहेब ‘एम’ याचे मूळ रूप, हे सारे त्यात तपशिलाने आहे. मग एका ओळीत ते भारतात जातात आणि १९४६ मध्ये निवृत्त होतात. ती एक ओळ वाचल्यापासून मला स्वस्थ बसवलेले नाही.

भारतात ते पाहुणे म्हणून आले नव्हते. १९४३ पासून ते रॉयल इंडियन नेव्हीचे, म्हणजे ब्रिटिश अमलातील भारताच्या नौदलाचे, सर्वोच्च अधिकारी होते, आणि १८ फेब्रुवारी १९४६ रोजी मुंबईत ‘तलवार’ या संदेशवहन प्रशिक्षण केंद्रातील नाविकांनी निकृष्ट अन्न व गोऱ्या अधिकाऱ्याच्या गलिच्छ शिव्या यांविरुद्ध काम बंद केले, तेव्हा त्या नौदलाची जबाबदारी त्यांचीच होती. दोन-तीन दिवसांत संप कराचीपर्यंत पोहोचला. २१ तारखेला गॉडफ्रे रेडिओवरून बोलले: सरकार आपले सारे बळ वापरील, मग त्यात हे नौदल नष्ट झाले तरी चालेल.

माझे आजोबा तेव्हा परळच्या एका गिरणीत होते. त्यांनी ते भाषण एका इराण्याच्या हॉटेलाबाहेर उभे राहून ऐकले. इंग्रजी कळत नव्हते. शेजारच्या कारकुनाने सांगितले, ‘सगळं आरमार बुडवीन म्हणतोय.’ आजोबा खोलीवर गेले, आजीने थापलेल्या भाकऱ्या आणि सुकट फडक्यात बांधली आणि गेटवेकडे निघाले. तेथे शेकडो लोक नाविकांसाठी अन्न घेऊन उभे होते.

गॉडफ्रे यांच्या बाजूनेही बोलले पाहिजे. माणूस कर्तबगार होता. वरिष्ठांना न आवडणारी माहितीही ते दडपत नसत, आणि त्या फटकळपणामुळेच १९४२ मध्ये त्यांना गुप्तवार्ता विभागातून दूर केले गेले. युद्धातील सेवेबद्दल त्यांना एकही सन्मान मिळाला नाही, हा त्यांच्यावर अन्यायच होता. पण म्हणूनच माझा राग अधिक आहे. शत्रूच्या गोटातील कुजबुज टिपण्यासाठी ज्यांनी एवढी यंत्रणा उभी केली, त्यांना स्वतःच्या खलाशांच्या ताटातील अन्नाविषयीची तक्रार वेळेवर ऐकू येऊ नये?

नाविकांना शरण जाण्याचा सल्ला सरदार पटेलांनीच दिला, असे कोणी म्हणेल. दिला, हे खरे आहे. त्याने गॉडफ्रे यांच्या धमकीचे वजन कमी होत नाही.

२२ तारखेला मुंबई बंद होती आणि लष्कराच्या गोळीबारात गिरणगावात माणसे पडत होती. दोनशेहून अधिक लोक मेले. आजोबा त्या दिवसाबद्दल फारसे बोलत नसत. गेटवेच्या भाकऱ्यांबद्दल मात्र पुन्हा पुन्हा सांगत: होडीतला पोरगा आपल्याच रत्नागिरीकडचा निघाला, फडके परत देऊ लागला, तेव्हा ‘ठेव रे बाबा’ म्हणालो. २३ तारखेला नाविक शरण आले. त्या पोराचे पुढे काय झाले, हे आजोबांना शेवटपर्यंत कळले नाही. उठावातील कित्येकांना अटक झाली, कित्येक नोकरीला मुकले, आणि स्वतंत्र भारताच्या नौदलानेही त्यांना परत घेतले नाही.

सकाळी वाटले तेवढा राग आता लिहिता लिहिता उरलेला नाही. लेखकाने मुद्दाम काही लपवले असेल असेही मला वाटत नाही. लंडनमधून पाहिले की गॉडफ्रे यांचे आयुष्य तेथेच संपल्यासारखे दिसत असावे. पण आपण मुंबईत राहून ते तसेच पुढे पाठवावे, हे मला पटत नाही. लेख शेअर करणाऱ्या मित्राला माझी विनंती आहे की त्याने तो काढून टाकू नये; खाली १८ ते २३ फेब्रुवारीचा परिच्छेद स्वतः लिहून जोडावा, आणि त्यात ते रेडिओवरचे भाषण वगळू नये.