सखोल तपास? कुठला!
‘अमेरिकी हवाई दलाने १७ वर्षं सखोल तपास केला’ हे उडत्या तबकड्यांवरच्या लेखातलं वाक्य काही पटलं नाही. ‘प्रोजेक्ट ब्लू बुक’ या त्या तपास मोहिमेच्या खाती १९६९ अखेर तबकड्या दिसल्याच्या १२,६१८ नोंदी, आणि त्या तपासायला राइट-पॅटरसन हवाई तळावर माणसं मूठभर! त्यात १९५३ मध्ये सीआयएच्या रॉबर्टसन समितीनेच सुचवलं, की लोकांचं कुतूहल कमी करा. मग १९६६ ला मिशिगनमध्ये दिसलेल्या गूढ दिव्यांना मोहिमेचे सल्लागार खगोलशास्त्रज्ञ हायनेक यांनी दलदलीतला वायू म्हटल्यावर लोक खवळणारच. तिथले तेव्हाचे खासदार (पुढे राष्ट्राध्यक्ष) जेराल्ड फोर्ड यांनी तर थेट संसदीय चौकशी मागितली.

पण त्यातल्या ७०१ नोंदी उलगडल्या नाहीत म्हणून परग्रहवासी आले, हेही नको. संध्याकाळी शुक्र ठळक दिसू लागला की आमच्या आकाशदर्शन गटाला ‘ते काय आहे हो?’ असे फोन सुरू होतात. करणारे चांगले शिकलेसवरलेले असतात.