पुन्हा तीच डीएलएल!

आज परत! राजवाड्याजवळच्या काकांच्या दुकानात बिलाचं सॉफ्टवेअर उघडलं की पाटी हजर: ‘व्हीसीरनटाइम१४०.डीएलएल’ सापडत नाही. आणि काका कुठल्याशा साइटवरून ती एकटी फाइल उतरवून विंडोजच्या सिस्टम३२ फोल्डरमध्ये टाकून मोकळे! अहो काका, किती वेळा सांगू? डीएलएल म्हणजे तयार कोडची सामायिक फाइल; ती एका प्रोग्रामची नसते, अनेक प्रोग्राम तीच वापरतात. अनोळखी ठिकाणची फाइल म्हणजे व्हायरसला आवतण. त्यात ६४ बिटच्या विंडोजमध्ये ३२ बिटच्या फाइली सिसवॉव६४ नावाच्या फोल्डरमध्ये असतात, सिस्टम३२ मध्ये नाही. (असली उलटी नावं ठेवतं कोण!) ही डीएलएल ज्यात येते ते मायक्रोसॉफ्टचं व्हिज्युअल सी प्लस प्लस रीडिस्ट्रिब्युटेबल पॅकेज फुकट मिळतं. तुमचं सॉफ्टवेअर ३२ बिटचं, तर त्याचं एक्स८६वालं (म्हणजे ३२ बिटचं) घाला, झालं! तोवर गिऱ्हाइकांची रांग, आणि काका वहीच्या फाडलेल्या पानावर बिलं लिहितायत.