मरीआईचा गाडा आणि आरोग्याचं कार्ड

आमच्या बेळगावकडच्या खानापूर तालुक्यातल्या भाऊबंदांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर दोन वाद बारमाही चालतात. पहिला महाराष्ट्र-कर्नाटक सीमेचा, १९५६ पासूनचा, तो सगळ्यांना पाठ आहे. दुसरा तब्येतीचा. "आमच्या आज्ज्याला कुठलं बीपी आणि कुठली शुगर? नव्वद वर्षं जगला की!" असं मामांनी लिहिलं की खाली अंगठ्यांची रांग लागते. मग कुणीतरी कन्नड नट पुनीत राजकुमारचा फोटो टाकतं. तो २०२१ मध्ये ४६ व्या वर्षी हृदयविकाराने गेला तेव्हा आमच्या मराठी घरांतही चूल थंडावली होती. पाठोपाठ दोष द्यायला कोविडची लस येते, युरिया येतो आणि शेवटी "जोंधळ्याची भाकरी सोडली, तिथंच घात झाला" यावर एकमत होतं. पहिल्या वादात असं एकमत झालेलं मी कधी पाहिलेलं नाही.

मामांचा आज्जा नव्वद वर्षं जगला हे खरंच असणार. पण त्याच्याबरोबर जन्मलेल्यांतले किती जगले, हे ग्रुपवर कोण विचारत नाही. आमच्याकडच्या जुन्या बायका "झाली आठ, राहिली तीन" असं भात निवडता निवडता सांगून जायच्या. १८९६ मध्ये मुंबईत आलेला गाठीचा ताप, म्हणजे प्लेग, पुढच्या काही वर्षांत आमच्या भागातही पोचला आणि माणसं गाव सोडून माळावर झोपड्या घालून राहिली. १९१८ ची मानमोडी, म्हणजे इन्फ्लुएंझाची साथ, तर अशी आली की १९११ ते १९२१ या दशकात हिंदुस्थानची लोकसंख्या वाढायच्या ऐवजी घटली. जनगणनेच्या इतिहासात असं दुसरं दशक नाही. बेळगावात टिळकवाडीच्या व्हॅक्सिन डेपोच्या झाडीत आज लोक सकाळी फिरायला जातात. तिथं एकेकाळी देवीची लस तयार व्हायची. देवीचा देशातला शेवटचा रुग्ण १९७५ चा. स्वातंत्र्याच्या वेळी सरासरी आयुर्मान ३२ च्या आसपास होतं, आता ते सत्तरीला टेकलंय. त्या ३२ चा अर्थ माणसं तिशीत म्हातारी व्हायची असा नव्हे. पाळण्यातली मुलं जायची आणि सरासरी खाली ओढायची. उरलेला एखादा आज्जा नव्वदीपर्यंत जायचा, आणि आठवणीत तोच राहतो.

मग मामांचं सगळंच चूक का? तसंही नाही. १९९० मध्ये देशातल्या एकूण आजारपणाच्या ओझ्यात साथीचे रोग, बाळंतपण आणि कुपोषण यांचा वाटा ६१ टक्के होता, २०१६ मध्ये तो ३३ टक्क्यांवर आला. त्याच काळात हृदयविकार, मधुमेह, कर्करोग अशा न लागणाऱ्या आजारांचा वाटा ३० वरून ५५ टक्क्यांवर गेला. २०२३ मध्ये आलेल्या आयसीएमआर या सरकारी वैद्यकीय संशोधन संस्थेच्या पाहणीनुसार देशात मधुमेही १० कोटींच्या वर आहेत. माणसं म्हातारी होईपर्यंत जगतात म्हणून यातलं काही वाढलंय. चाळिशीतल्या माणसाच्या छातीत कळ येते, त्याला मात्र हे कारण पुरत नाही.

भाकरीवर सगळं ढकलायच्या आधी पुण्याचे डॉ. चित्तरंजन याज्ञिक यांचं काम बघावं. त्यांनी पुण्याजवळच्या खेड्यांतली नवजात बाळं आणि इंग्लंडातल्या साउदॅम्प्टनची बाळं यांची तुलना केली. आपलं बाळ सरासरी २.७ किलोचं, तिकडचं ३.५ किलोचं. स्नायू आणि पोटातले अवयव आपल्या बाळाचे बरेच लहान, पण कातडीखालची चरबी जवळजवळ तेवढीच. म्हणजे दिसायला रोड आणि आतून चरबी राखून असलेलं शरीर आपण जन्मापासून घेऊन येतो, आणि त्यात आईच्या, आजीच्या उपासमारीचा हात असावा असं हे संशोधन सांगतं. जोंधळ्याच्या ज्या दिवसांचे गोडवे आपण गातो, ते दिवस शेतात राबून शेवटी जेवणाऱ्या बायकांचेही होते.

हे शरीर विमानात बसलं म्हणून बदलत नाही. मी इंग्लंडात लेस्टरला फार्मासिस्ट आहे. इथं चाळिशी ओलांडलेल्या कुणाचंही बीपी औषधाच्या दुकानात फुकट मोजून मिळतं. आमच्याकडं गुजराती काका पुष्कळ येतात. "बेन, मने कंई नथी थतुं," म्हणत स्वेटरची बाही वर सारतात. सडसडीत अंगाचे, शाकाहारी, विडीकाडीला न शिवलेले. पट्टा फुगतो, उतरतो, आकडा १७० च्या पुढे. थोडं बसवून परत मोजायचं, तरी तेच. मग चोवीस तास दंडाला लावायचं यंत्र देऊन घरी पाठवायचं. इथल्या गोऱ्यांच्या मानाने आपल्या लोकांना मधुमेहाचा धोका दोन ते चारपट, आणि तो गाठतोही सुमारे दहा वर्षं आधी. म्हणून वजन-उंचीच्या गणितात इतरांसाठी धोक्याची रेघ २५ ला असते, आपल्यासाठी २३ लाच.

इंग्लंडचं कौतुक मी जपूनच करते. २०११ नंतर इथलं आयुर्मान वाढायचं जवळपास थांबलंय, आणि श्रीमंत वस्तीतला पुरुष गरीब वस्तीतल्यापेक्षा सुमारे दहा वर्षं जास्त जगतो. पण एका गोष्टीचा मला हेवा वाटतो. माणूस कशाने मेला याची नोंद इथं १८३७ पासून ठेवली जाते. आपल्याकडं २०२० मध्ये नोंदलेल्या मृत्यूंपैकी जेमतेम २२ टक्क्यांना डॉक्टरने कारण लिहून दिलेलं होतं. बाकीचे "म्हातारपणानं" आणि "अचानक". २०२५ मध्ये कर्नाटकात हासनला तरुण माणसं हृदयविकाराने दगावल्याच्या बातम्या आल्या, तिथल्या मुख्यमंत्र्यांनी कोविडच्या लशीकडे बोट दाखवलं, आयसीएमआर आणि एम्सच्या अभ्यासांचा हवाला देऊन केंद्राने संबंध नाकारला. माझं मत या अभ्यासांच्या बाजूचं आहे. पण मामांना ते पटवायचं तर आधी असे मृत्यू किती व्हायचे याची गावोगावची वही हवी, आणि ती कुणाकडं आहे?

इंग्लंडात अशी वही असल्यामुळेच इथल्यांना एक हिशेब मांडता आला. १९८१ ते २००० या काळात इंग्लंड-वेल्समध्ये हृदयविकाराचे मृत्यू झपाट्याने घटले. का घटले ते तपासलं तेव्हा ४२ टक्के श्रेय औषधोपचार आणि शस्त्रक्रियांना गेलं. उरलेलं ५८ टक्के लोकांच्या सवयी आणि रक्तातले आकडे सुधारल्याचं होतं, त्यातही मोठा वाटा सिगारेट सुटल्याचा.

आता हा हिशेब घेऊन आमच्या पहिल्या वादाकडं या. २०२३ मध्ये महाराष्ट्राने मोफत उपचारांची महात्मा फुले जनआरोग्य योजना सीमाभागातल्या ८६५ गावांना लागू करायचं ठरवलं. कर्नाटक खवळलं: आमच्या हद्दीत तुमचं कार्ड कसं? आमचा ग्रुप महिनाभर पेटला. कार्ड मिळावं, माझी ना नाही. बिलापायी शेत विकलेली घरं मी पाहिली आहेत. पण दोन सरकारं भांडली ती त्या ४२ टक्क्यांवरून. ऑपरेशनचा खर्च कोण उचलणार हा प्रश्न कळ आल्यानंतरचा आहे. पटकी आली की मरीआईचा गाडा वाजतगाजत शिवेवर नेऊन सोडायचा आणि पुढच्या गावानं तो त्याच्या पुढच्या शिवेवर ढकलायचा, असा रिवाज होता. कोल्हापूर आणि बंगळुरू यांच्यामध्ये आमचं आरोग्य त्या गाड्यासारखंच फिरतं. २०१६ ला गोचिडीतून पसरणारा माकडताप सिंधुदुर्गात दोडामार्गला पसरला, त्याच्या आधल्या वर्षी गोव्यात सत्तरीला. हा ताप पहिल्यांदा सापडला १९५७ मध्ये, शिमोग्याकडच्या जंगलात. गोचिडीला सीमावादावरचा महाजन अहवाल ठाऊक नसतो. निदान ताप कुठं आला एवढं तीन राज्यांच्या आरोग्य खात्यांनी एकमेकांना त्याच दिवशी कळवावं, त्याला सुप्रीम कोर्टाचा निकाल लागत नाही.

खरा अवघड प्रश्न आमच्याच जिल्ह्यातल्या निपाणीचा. इंग्लंडात १९७४ मध्ये मोठ्या माणसांतले जवळपास निम्मे सिगारेट ओढायचे, आता साधारण दहातला एक ओढतो. माझ्यापासून तासाभरावरच्या नॉटिंगहॅममधला सिगारेटचा प्रचंड कारखाना २०१६ ला बंद पडला. उद्या आपल्याकडंही विडी सुटली तर डॉक्टर पेढे वाटतील, पण निपाणी तंबाखूवर उभी आहे. १९८१ ला भावासाठी रस्त्यावर उतरलेल्या तिथल्या शेतकऱ्यांनी पोलिसांच्या गोळ्या झेलल्या आहेत. "तंबाखू काढा, ऊस लावा" हा ग्रुपवरचा तोडगा मधुमेहाच्या वादातच यावा, हेही आमच्याकडंच घडू शकतं. हजार विड्यांमागं मजुरी घेणाऱ्या बाईला उसात काय मिळणार, ते त्यात नसतं. तिच्या छातीत तंबाखूची धूळ आहे आणि घरची चूलही तिच्यावरच आहे. तिला दुसरं कुठलं काम आणि किती मजुरीवर देणार, हे कागदावर मांडून मतं मागायला येणारा, मग तो कन्नड बोलो की मराठी, मला अजून दिसायचा आहे.