उन्हाळ्यात ट्रॅक्टर फिरतो म्हणून पाणथळ खोटं ठरत नाही

बोस्नियातल्या लिव्नोच्या पोल्येवरच्या (पोल्ये म्हणजे चुनखडीच्या डोंगरांमधलं सपाट मैदान; हे दर हिवाळ्यात पाण्याखाली जातं) माझ्या लेखाखाली एक मोठी प्रतिक्रिया आली आहे. तिथल्या तिथे दोन ओळींत उत्तर देता आलं असतं, पण विषय माझ्या जिव्हाळ्याचा आहे, म्हणून स्वतंत्र लिहिते. प्रतिक्रियेतलं मुख्य वाक्य असं: "ताई, उन्हाळ्यात जिथे ट्रॅक्टर फिरतात त्याला पाणथळ म्हणायचं आणि तिथे खरोखरच तलाव बांधला की गळा काढायचा, हा कुठला न्याय?" त्याशिवाय, लेख विकिपीडियावरून उचलला आहे, नावं वाचता येत नाहीत, नकाशा नाही, तलावाने पाणथळ उलट वाढलीच, आणि महाराष्ट्रातली पाणथळं सोडून बोस्निया कशाला, हेही आहे.

आधी सुराबद्दल. 'ताई' म्हणून सुरुवात करायची आणि पुढच्याच ओळीत 'गळा काढायचा' लिहायचं, हे मला आवडलेलं नाही. मतभेद असू द्या. मी बारा गावचं पाणी प्यायलेली बाई आहे, विरोधाने दुखावत नाही. पण मी जो शब्द वापरलेला नाही, जो सूर लावलेला नाही, तो माझ्या तोंडी घालून मग त्यावर वार करणं याला चर्चा म्हणत नाहीत. लेखात बुश्को ब्लातोच्या, म्हणजे याच पोल्येत बांधलेल्या तलावाबद्दल एकच परिच्छेद आहे आणि त्यात तलाव पाडा असं कुठेही लिहिलेलं नाही. पुन्हा वाचा.

नकाशा हवा होता, हे मान्य. दिनारा आणि कामेश्नित्सा हे डोंगर एका बाजूला, त्सिंत्सार, गोलिया आणि शातोर दुसऱ्या बाजूला, आणि मध्ये सुमारे 65 किलोमीटर लांब, 400 चौरस किलोमीटरहून मोठी सपाट जमीन, समुद्रसपाटीपासून 700 मीटरवर. हे नकाशाविना डोळ्यांपुढे उभं राहणं कठीण आहे.

आता त्या वाक्याकडे येते, कारण त्यात निव्वळ खोचकपणा नाही, एक गैरसमज आहे आणि तो अनेकांचा असतो. पाणथळ म्हणजे बाराही महिने पाणी, असा तो समज. पाणथळांच्या रक्षणासाठीच्या 1971च्या आंतरराष्ट्रीय रामसर कराराची व्याख्याच मुळी कायमचं किंवा तात्पुरतं, साचलेलं किंवा वाहतं, असं सगळं पाणी धरते. लिव्हान्यस्को पोल्ये, म्हणजे हेच लिव्नोचं पोल्ये, 2008पासून त्या कराराच्या यादीत आहे, ते उगाच नाही.

तिथे होतं काय ते नीट सांगते. सगळा प्रदेश चुनखडीचा. पावसाचं पाणी जमिनीवरून वाहण्यापेक्षा खडकातल्या भेगांत शिरतं आणि आतल्या आत चालतं. वर कुप्रेसचं पोल्ये अकराशे मीटरच्या वर, मध्ये लिव्नोचं सातशेवर, खाली क्रोएशियात सिन्यचं तीनशेच्या आसपास. पायऱ्यापायऱ्यांनी पाणी उतरतं आणि दोन पायऱ्यांमधला प्रवास डोंगराच्या पोटातून होतो. शुइत्सा नदी शेजारच्या दुव्नोच्या पोल्येत कोवाची इथे जमिनीत जाते आणि रिचिना म्हणून बुश्को ब्लातोच्या बाजूला बाहेर येते. बिस्त्रित्सा लिव्नो गावाच्या डोक्यावरच्या कड्याखालून, दुमान झऱ्यातून, नदी होऊनच जन्मते. पोल्येच्या काठाला पुन्हा विवरं आहेत, त्यांतून पाणी दिनाराखाली शिरतं आणि पलीकडे क्रोएशियातल्या त्सेतिना नदीच्या खोऱ्यात निघतं.

शरद आणि हिवाळ्यात पाऊस-बर्फ इतका येतो की विवरांना तो पेलत नाही. न्हाणीत बादल्यांवर बादल्या ओतल्या की मोरी चालू असूनही पाणी वर चढतं, तसं पोल्ये भरतं. काही तोंडं तर अशी आहेत की भूजल वर आलं की तीच झऱ्यासारखी पाणी ओकतात आणि उन्हाळ्यात तीच पाणी गिळतात. वसंतानंतर पाणी उतरतं, गवत वाढतं, कापणी होते, मेंढ्या-गायी चरतात. लिव्नोचं चीज याच चराईवर उभं आहे. म्हणजे तुम्ही ज्या ट्रॅक्टरचा पुरावा देता, तो ज्या गवतावर चालतो ते गवत हिवाळ्यातल्या पाण्याचं आहे. ट्रॅक्टर आणि पूर हे एकाच वर्षाचे दोन भाग आहेत.

आणि हे चार दिवसांचं डबकं नव्हे, याचा पुरावा जमिनीतच आहे. वायव्येला झ्द्रालोवात्स भागात पीटचे थर आहेत. मेलेल्या वनस्पती पाण्याखाली राहिल्या, हवा मिळाली नाही, पूर्ण कुजल्या नाहीत आणि वर्षानुवर्षं साठत गेल्या, की पीट होतो. हजारो वर्षं माती भिजलेली राहिल्याशिवाय तो बनतच नाही. चर खणून निचरा केला की तो सुकतो, हवेत विघटित होतो, कार्बन सोडतो, आणि पेटला तर जमिनीखाली धुमसत राहतो. तिथे पीट काढणंही चालतं. याबद्दल प्रतिक्रियेत अवाक्षर नाही. माझ्या लेखाचा अर्धा भाग त्यावर होता.

मग तलाव. 1970च्या दशकात बुश्को ब्लातोवर जलाशय झाला. पाणी बोगद्याने कामेश्नित्साखालून क्रोएशियातल्या ओर्लोवात्स वीजकेंद्राकडे जातं. भरला की तो 50 चौरस किलोमीटरच्या वर पसरतो. पाणी चुनखडीतून निसटू नये म्हणून बंधारे घालावे लागले, खडकात सिमेंट भरावं लागलं. अभियांत्रिकी म्हणून काम मोठं आहे, ते मी लेखातही म्हटलं आहे. पण तलाव बांधल्याने पाणथळ 'वाढली', हे चूक. तिथे पाणथळ होतीच. उथळ, येणारी-जाणारी पाणथळ गेली आणि खोल पाणी आलं, ज्याची पातळी विजेच्या गरजेप्रमाणे वर-खाली होते. बदकांना ते चालेल. माँटेग्यूचा भोवत्या हा शिकारी पक्षी, जो आपल्याकडे हिवाळ्यात माळरानावर दिसतो, तो तिथे जमिनीवर, उंच गवतात घरटं करतो. कॉर्नक्रेक हा कुरणातला पक्षीही तसाच. त्यांना पाण्याची खोली नको, पाणी ओसरल्यावरचं कुरण हवं.

नांदूर मध्यमेश्वरही बंधाऱ्यानेच झालं ना, हा तुमचा मुद्दा. हो, बंधाऱ्याने झालं, गाळ साचून उथळ झालं आणि म्हणूनच पक्षी आले. ते उदाहरण माझ्या बाजूचं आहे.

'धरणाला विरोध करणारे शहरी लोक' या शेऱ्याबद्दल एवढंच सांगते की माझे वडील पाटबंधारे खात्यात होते. माझं बालपण धरणाच्या वसाहतींत गेलं. सांडव्यावरून पहिलं पाणी जाताना वडिलांचे डोळे भरून आलेले मी पाहिले आहेत. धरण म्हणजे काय आणि त्याखाली काय जातं, हे मला कोणी शिकवायला नको. पुढे मी भूशास्त्र शिकवलं आणि नवऱ्याच्या नोकरीमुळे क्रोएशियात स्प्लिटला राहत असताना कामेन्स्कोची हद्द ओलांडून लिव्नोला वेगवेगळ्या ऋतूंत गेले. त्याच रस्त्याच्या कडेला जानेवारीत पाणी आणि जुलैत गवताच्या गंजी बघितल्यावर कुणी 'विकिपीडियावरून उचललं' म्हणतं, तेव्हा राग येतो. येणारच. असा आरोप करताना एक तरी उचललेलं वाक्य दाखवायचं असतं.

महाराष्ट्राबद्दल का लिहीत नाही, हे विचारण्याआधी ब्लॉगची उजवी बाजू उघडायला हरकत नव्हती. लोणार आणि ठाणे खाडी दोन्ही तिथे आहेत.

नकाशा या आठवड्यात लेखात टाकते. नावं मात्र तिथले लोक घेतात तशीच राहतील.