ब्रॉडवेचा गल्ला आणि बाकीची अमेरिका : 'जुना प्रेक्षक' यांना उत्तर

'जुना प्रेक्षक', इतकी सविस्तर प्रतिक्रिया लिहिलीत, आभार. तुमचे मुद्दे दोन ओळींत उडवून लावण्यासारखे नाहीत, म्हणून उत्तर इथे वेगळं देतो.

ज्यांनी ती प्रतिक्रिया वाचली नसेल त्यांच्यासाठी सारांश. अमेरिकन रंगभूमीवरच्या माझ्या लेखात ब्रॉडवेला, म्हणजे न्यूयॉर्कच्या बड्या व्यावसायिक रंगभूमीला, दोन परिच्छेद आणि १९३० च्या दशकातल्या एका सरकारी नाट्यप्रकल्पाला अर्धा लेख, हे तुम्हाला उलटं वाटलं. अमेरिकेचं नाटक सरकारचा एक डॉलर न घेता तिकीटबारीवर वाढलं, आपले निर्माते मात्र अनुदानाकडे डोळे लावून बसतात, असं तुमचं म्हणणं. सरकारी पैशातून सरकारी आरत्याच निघतात, हेही. आणि गोऱ्या नटांनी तोंडाला काळं फासून केलेल्या मिन्स्ट्रेल खेळांचा विषय मी उगाच उकरून काढला.

मिन्स्ट्रेलपासून सुरुवात करतो, कारण तो तिकीटबारीचाच इतिहास आहे. १८२१ साली न्यूयॉर्कमध्ये विल्यम ब्राऊन या कृष्णवर्णीय माणसाने आफ्रिकन ग्रोव्ह ही नाटक कंपनी काढली. तिथे काळे नट शेक्सपिअर करत होते. गुंडांनी प्रयोग उधळले, पोलिसांनी नटांना पकडून नेलं, दोन-तीन वर्षांत कंपनी बसली. त्याच वर्तुळातला कृष्णवर्णीय नट आयरा ऑल्ड्रिज इंग्लंडला गेला, युरोपभर ऑथेल्लो आणि लिअर गाजवले आणि १८६७ मध्ये पोलंडमधल्या वुच शहरात वारला. मायदेशी परतलाच नाही. इकडे १८४३ मध्ये व्हर्जिनिया मिन्स्ट्रेल्स नावाच्या चार गोऱ्यांनी काळा रंग फासून न्यूयॉर्कात पूर्ण लांबीचा खेळ लावला आणि पुढची कित्येक दशकं हा प्रकार देशभर धो धो चालला. एकोणिसाव्या शतकातल्या अमेरिकेची सर्वांत लोकप्रिय करमणूक ती हीच. बाजाराने निवड केली होती, ती ही. मग ती गाळून बाजाराचं कौतुक कसं करायचं?

दुसरं, ही तिकीटबारी 'खुली' होती हा समज. १८९६ मध्ये चार्ल्स फ्रोमन, क्लॉ, अर्लांगर आणि आणखी तिघे अशा सहा जणांनी थिएट्रिकल सिंडिकेट उभं केलं. त्यांनी हातात घेतल्या त्या तारखा! आपल्याकडच्या कुठल्याही निर्मात्याला विचारा, तारखा ज्याच्या हातात, नाटक त्याच्या हातात. देशभरातल्या मोठ्या नाट्यगृहांच्या तारखा सिंडिकेटमार्फतच मिळू लागल्या. त्यांच्या अटी ज्यांनी नाकारल्या त्यांना दौऱ्यात चांगलं नाट्यगृह मिळेना. १९०६ मध्ये खुद्द सारा बर्नहार्ट या जगप्रसिद्ध फ्रेंच नटीला टेक्सासात तंबूत प्रयोग करावे लागले. शूबर्ट बंधू या प्रतिस्पर्धी नाट्यव्यावसायिकांनी हे सिंडिकेट मोडलं खरं, पण स्वतःची मक्तेदारी उभी करून.

मग यूजीन ओनील, अमेरिकेचा सर्वांत नावाजलेला नाटककार, कुठून आला? ब्रॉडवेवरून नाही. मॅसॅच्युसेट्समधल्या प्रॉव्हिन्सटाउन गावात, धक्क्यावरच्या एका जुन्या मासळीच्या वखारीत, सुसान ग्लास्पेल आणि तिचा नवरा जॉर्ज क्रॅम कुक यांच्या हौशी मंडळींनी १९१६ च्या उन्हाळ्यात त्याची 'बाउंड ईस्ट फॉर कार्डिफ' ही एकांकिका केली. ग्लास्पेलची 'ट्रायफल्स' त्याच उन्हाळ्यातली, आणि माझ्या मते ती अधिक पक्की एकांकिका आहे. (यावर वाद घालायचा तर वेगळा धागा काढू.) ब्रॉडवेने ओनीलला १९२० मध्ये 'बियाँड द होरायझन'च्या वेळी स्वीकारलं. नोबेल १९३६ चं.

आता तुमचा खरा रोष ज्याच्यावर आहे तो फेडरल थिएटर प्रोजेक्ट. मंदीत बेकार झालेल्या हजारो नट, तंत्रज्ञ आणि वादकांना काम द्यायला रूझवेल्ट सरकारने १९३५ मध्ये तो सुरू केला. प्रमुख हॅली फ्लॅनागन, मूळच्या कॉलेजात नाटक शिकवणाऱ्या. सरकारच्या ज्या रोजगार योजनेचा हा भाग होता तिच्या एकूण खर्चात नाटकाचा वाटा एक टक्काही नव्हता. तेवढ्यात काय झालं? हार्लेममधल्या लाफायेत थिएटरमध्ये एप्रिल १९३६ मध्ये कृष्णवर्णीय नटसंचात 'मॅकबेथ' उभा राहिला, स्कॉटलंडऐवजी हैतीसारख्या बेटावर. दिग्दर्शक ऑर्सन वेल्स, वय वर्षं वीस. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये अमेरिकेत हुकूमशाही आली तर, या कल्पनेवरचं 'इट कान्ट हॅपन हिअर' डझनाहून जास्त शहरांत एकाच रात्री उघडलं. न्यूयॉर्कात यिडिशमध्येही, टँपात स्पॅनिशमध्ये. 'लिव्हिंग न्यूजपेपर' या प्रकारात शेतमालाचे भाव, वीज कंपन्या, झोपडवजा चाळी असे विषय आकडेवारीसकट रंगमंचावर आले. बातमीचं नाटक करून लोक खुर्चीत खिळतात हे कुठल्या खासगी निर्मात्याने आधी मान्य केलं असतं?

आरत्यांबद्दल तुम्ही म्हणता ते निम्मं खरं आहे, आणि ते निम्मं तुम्ही लिहिलंत त्याहून वाईट आहे. पहिलाच लिव्हिंग न्यूजपेपर 'इथिओपिया' मुसोलिनीच्या आक्रमणावर होता. परराष्ट्रांचे प्रमुख रंगमंचावर दाखवायला सरकारने मनाई केली आणि न्यूयॉर्कचे संचालक एल्मर राइस राजीनामा देऊन बाहेर पडले. जून १९३७ मध्ये मार्क ब्लिट्झस्टाइनचं 'द क्रेडल विल रॉक' हे पोलादनगरीतल्या कामगार संघटनेवरचं संगीत नाटक उघडायच्या बेतात असताना काटकसरीचं कारण देऊन नवे प्रयोग थांबवण्यात आले. नाट्यगृहाला कुलूप, दारावर पहारा. दिग्दर्शक वेल्स आणि निर्माता जॉन हाउसमन यांनी ऐनवेळी दुसरं नाट्यगृह भाड्याने घेतलं आणि तिकीट काढून आलेला प्रेक्षक त्यांच्यामागे वीसेक चौक तुडवत तिथे गेला. गंमत अशी की नटांच्या संघटनेनेही त्या रंगमंचावर उभं राहायला बंदी घातली होती. म्हणजे कामगारांच्या बाजूच्या नाटकाला सरकार आणि कामगार संघटना दोघांचाही नकार! ब्लिट्झस्टाइन एकटा पियानोवर बसला. रंगमंचावर चढायला बंदी होती, प्रेक्षकांत बसायला नव्हती. ऑलिव्ह स्टँटन ही फारशी कुणाला माहीत नसलेली नटी आपल्या जागेवरून उठून गायला लागली, मग एकेक करत बाकीचेही.

सरकारी नाटक सरकारची आरती करत असतं तर सरकारने ते बंद कशाला केलं असतं? १९३८ मध्ये अमेरिकन काँग्रेसच्या, म्हणजे संसदेच्या, कम्युनिस्टांचा माग काढणाऱ्या डाइज समितीपुढे फ्लॅनागन यांना त्यांच्या एका लेखात आलेल्या नाटककार मार्लोच्या उल्लेखावरून एका सदस्याने विचारलं की हा मार्लो कम्युनिस्ट आहे का. मार्लो हा शेक्सपिअरचा समकालीन, १५९३ मध्ये मेला होता. ३० जून १९३९ ला प्रकल्प गुंडाळला. सरकारी पैसा धोक्याचा असतो हे मला मान्य आहे. फक्त त्यावरून तो निष्फळ असतो असं ठरत नाही.

आणि 'एक डॉलर न घेता' हे तर आजच्या अमेरिकेलाही लागू नाही. १९६५ पासून नॅशनल एंडाउमेंट फॉर द आर्ट्स ही कलांना अनुदान देणारी सरकारी संस्था आहे, रक्कम तुटपुंजी का असेना. त्याहून मोठी मदत करातून होते: ना-नफा नाट्यसंस्थेला दिलेल्या देणगीवर देणगीदाराला करसवलत मिळते. सरकार पैसे देत नाही, घ्यायचं सोडतं. वॉशिंग्टनचं अरीना स्टेज, मिनिॲपोलिसचं गथ्री, न्यूयॉर्कचं पब्लिक थिएटर या सगळ्यांचा संसार या सवलतीवर आणि देणग्यांवर चालतो. ब्रॉडवे आपला माल इथून उचलतो. अरीना स्टेजने १९६७ मध्ये 'द ग्रेट व्हाइट होप' उभं केलं, ते ब्रॉडवेला गेलं, पुलित्झर मिळालं, आणि अरीनाला त्या नफ्यातलं काहीही आलं नाही. पब्लिकचा संस्थापक जोसेफ पॅप शहाणा निघाला. 'अ कोरस लाइन' पब्लिकमधून १९७५ मध्ये ब्रॉडवेला हलवताना त्याने हक्क हातात ठेवले. त्या नाटकाचे ६,१३७ प्रयोग झाले आणि पब्लिक वर्षानुवर्षं त्यावर चाललं. नाटककार ऑगस्ट विल्सनची नाटकंही आधी येल विद्यापीठाच्या येल रेपर्टरीसारख्या संस्थांमध्ये घासूनपुसून मग ब्रॉडवेला आली.

आपल्या अनुदानाच्या पद्धतीवर तुमचा राग आहे, त्यातला काही माझाही आहे. पण त्यासाठी अमेरिकेचा दाखला देऊ नका, तो तुमच्याच विरुद्ध जातो.

'हॅमिल्टन' या ब्रॉडवेवर गाजलेल्या संगीत नाटकावर स्वतंत्र लेख लिहा, असं शेवटी सुचवलंयत. लिहीन. पण तो ब्रॉडवेच्या रिचर्ड रॉजर्स थिएटरपासून नाही, लाफायेत स्ट्रीटवरच्या पब्लिक थिएटरपासून सुरू होईल, कारण ते नाटक २०१५ मध्ये आधी तिथे झालं. तेव्हा तुमची हीच तक्रार पुन्हा येणार, हे धरून चालतो.