पडदा पडल्यानंतरचा अंक

माझा एक मित्र हौशी नाटकांत काम करतो, याबद्दल माझी काही तक्रार नाही. तो प्रत्येक प्रयोगाला बोलावतो, याबद्दलही नाही. अंधारात बसायचं असतं, डुलकी लागली तर हनुवटीखाली मूठ टेकवायची, माणूस विचारमग्न दिसतो. घात होतो तो नंतर. "प्रयोग संपल्यावर आत येऊन भेट हं," असं त्याने आधीच बजावून ठेवलेलं असतं.

या वेळी तो राजा होता. शेवटच्या अंकात राजाला विष देतात. राजाने मरायला नऊ मिनिटं घेतली. पहिल्यांदा पडला तेव्हा आम्ही भाबडेपणाने टाळ्या वाजवल्या, तर गडी कोपरावर उठून राज्याच्या भवितव्याबद्दल बोलू लागला. पुन्हा पडला, पुन्हा उठला. आता मुकुट नाकावर. विष देणारा प्रधान वाट बघून बघून खांबाला टेकला. खांब कापडाचा होता. प्रधान खांबासकट विंगेत गेला आणि राजा त्याच्याही नावाने चार वाक्यं बोलून मगच मेला.

आणि आता मी रंगपटाच्या दाराबाहेर, रांगेत. पुढच्या बाई आत शिरता शिरताच "रडवलंस रे!" म्हणाल्या. मध्यंतरानंतर त्या माझ्याच शेजारी बसून मोबाइलवर पत्ते खेळत होत्या. त्यांच्यामागच्या गृहस्थांनी तर शब्दच वापरला नाही. नुसते डोळे मिटले, मान हलवली, मित्राचा खांदा दाबला आणि निघून गेले. अशी माणसं नाटकात का नाहीत, असा प्रश्न मला नेहमी पडतो.

माझ्याकडे वाक्यांची कमी नाही. "असं मरण मी आजवर पाहिलं नव्हतं" हे मी रांगेतच जुळवलं होतं; त्यात खोटा शब्द एकही नाही. पण भरताने नाट्यशास्त्रात अभिनय चार प्रकारचा सांगून ठेवलाय. वाचिक माझं पाठ होतं. आंगिक म्हणजे मिठी मारायची. आहार्यासाठी इस्त्रीचा शर्ट घातला होता. घोडं पेंड खातं ते सात्त्विकापाशी, म्हणजे मनातलं अंगावर उमटतं तिथे. स्तंभ म्हणजे जागीच थिजणं, स्वेद म्हणजे घाम, रोमांच, स्वरभंग, कंप, वैवर्ण्य म्हणजे चेहऱ्याचा रंग उडणं, अश्रू आणि प्रलय म्हणजे शुद्ध हरपणं, हे आठ भाव कसलेल्या नटालाही सहज साधत नाहीत. मला ते न मागता होतात, फक्त चुकीच्या प्रवेशात. खोटं कौतुक करायची वेळ आली की मला दरदरून घाम फुटतो, आवाज चिरकतो आणि चेहरा पांढरा पडतो.

बायको म्हणते, "तुझं फक्त तोंड हसतं." ड्यूशेन नावाच्या फ्रेंच डॉक्टरने 1862 साली हेच म्हटलंय, पण त्यासाठी त्याला लोकांच्या चेहऱ्याला विजेचे झटके द्यावे लागले. ओठांचे कोपरे वर ओढणारा स्नायू आपलं ऐकतो. डोळ्याभोवतीचा मात्र मनातून आनंद झाल्याशिवाय हलत नाही, असा त्याचा निष्कर्ष. बायकोला हे विजेशिवाय कळलं.

त्यामुळे मला निक्सनबद्दल थोडी माया आहे. 26 सप्टेंबर 1960 ला, अमेरिकेच्या राष्ट्राध्यक्षपदाच्या निवडणुकीत, केनेडीबरोबरच्या पहिल्या टीव्ही-वादचर्चेत तो नुकताच इस्पितळातून उठून आलेला, रीतसर रंगभूषेला नाही म्हणालेला. स्वेद आणि वैवर्ण्य, दोन्ही भाव साऱ्या अमेरिकेने घरबसल्या पाहिले. एरवी राजकारणात असले कच्चे नट टिकत नाहीत. पाहणीला गेलेला नेता बघा. तो कायम लांब कुठेतरी बोट दाखवतो आणि भोवतीचे सगळे गंभीरपणे तिकडे बघतात. तिकडे नेमकं काय असतं, हे अजून कुठल्याही फोटोत आलेलं नाही. दोन नेते हात मिळवतात तेव्हा एकमेकांकडे बघतही नाहीत. हात इथे, हसू कॅमेऱ्याकडे. माझी मिठी इतकी सरावाची असती तर!

अर्थात त्यांना प्रेक्षकही तयार मिळतात. रोमन सम्राट नीरो गायला उभा राहायचा, तेव्हा टाळ्यांसाठी त्याने पाच हजारांवर तरुण शिकवून तयार केलेले असायचे. टाळ्यांचे प्रकारही ठरलेले: एक मधमाश्यांच्या गुणगुणीसारखी, एक कौलांची, एक विटांची. गाणं चालू असताना बाहेर जायची बंदी. सम्राटांची चरित्रं लिहिणारा रोमन लेखक सुएटोनियस लिहितो की काही श्रोत्यांनी मेल्याचं सोंग घेतलं आणि तिरडीवरून सुटका करून घेतली. मित्राच्या सहाव्या मिनिटाला हा उपाय मला सुचला होता, पण मरायची भूमिका आधीच गेलेली होती.

सगळ्यात जास्त कीव मला रोमन सम्राट ऑगस्टसच्या मित्रांची येते. इसवी सन 14. सम्राट मृत्युशय्येवर. त्याने आरसा मागवला, केस विंचरून घेतले, लोंबणारा जबडा नीट करून घेतला आणि भोवतीच्या मित्रांना विचारलं, "आयुष्याच्या या प्रहसनात माझं काम बरं झालं ना?" वर सांगितलं, आवडलं असेल तर टाळ्या वाजवा. मित्र काय म्हणाले ते सुएटोनियसने लिहिलेलं नाही. मला त्यांचे चेहरे दिसतात. हा तर रंगपटच झाला, फक्त इथला नट खरोखरच मरणार होता आणि बहुधा नऊ मिनिटांच्या आत.

तर माझा नंबर आला. मित्र अर्धी मिशी काढून आरशासमोर बसला होता. मी तोंड उघडणार, तेवढ्यात तो म्हणाला, "तू खरं सांग. बाकीचे काय, गोडच बोलणार."

इथे माझं वाचिक गेलं. "असं मरण..." एवढं बोललो आणि आवाज फुटला. स्तंभ. स्वेद. हात थरथरायला लागले, ते लपवायला मिठी मारली, तर गालाला डिंक लागला आणि डोळ्यांत पाणी आलं. प्रलय तेवढा राहिला, कारण खुर्ची रिकामी नव्हती. मित्र माझ्याकडे बघत राहिला. मग त्याचेही डोळे भरून आले. "बास," तो म्हणाला, "मला पोचलं."

बाहेर पडताना दिग्दर्शकाने माझा हात धरला. तो कोपऱ्यातून सगळं बघत होता. "पुढच्या नाटकात एक चोर आहे," तो म्हणाला. "चोरी उघडकीला येते, तो नुसता उभा राहतो. एक शब्द बोलायचा नाही. महिनाभर माणूस शोधतोय, जमतच नाहीये कोणाला. तुम्ही आत्ता जे केलंत, तेवढंच करायचं."

मी हो म्हटलं. नाही म्हणायलाही अभिनय लागतो. प्रयोग पुढच्या महिन्यात आहे. मित्राने पहिल्या रांगेतलं तिकीट काढलंय. संपल्यावर आत येऊन भेटतो, म्हणाला.